झील धरणारी चाल

गेल्या उन्हाळ्यात कळमनुरी तालुक्यातल्या एका लग्नाला गेले होते. नात्यातलं नव्हतं, कामाचं होतं. जुन्या वाचकांना माझा विषय ठाऊक आहे. नव्यांसाठी एका वाक्यात सांगते. हिंगोली जिल्ह्यातले बँड आणि बँजो पार्ट्या लग्नात काय वाजवतात, कोणत्या क्रमानं वाजवतात आणि त्या क्रमामागं काय आहे, यावर मी पीएच.डी. करते आहे. त्यामुळं लग्नसराई हा माझा कामाचा हंगाम. लोक आहेर घेऊन येतात, मी वही घेऊन जाते.

दुपारी चारला परण्या निघाला. (आमच्याकडं नवरदेव लग्नाआधी घोड्यावरून मारुतीच्या दर्शनाला जातो, त्या मिरवणुकीला परण्या म्हणतात. पुण्यामुंबईच्या वाचकांना शब्द नवा असेल.) डीजे सांगितला होता, पण जनरेटरनं ऐनवेळी मान टाकली आणि सगळा भार बँडवर आला. मास्तर मनातून खूश. निघताना त्यांनी क्लॅरिनेटवर धरलं ‘अंजनीच्या सुता’. वेशीपाशी पोरं नाचायला लागली तसं दादा कोंडक्यांचं ते ढगाचं गाणं आलं, ज्याच्यावर नाचायला वयाची अट नसते. आणि परतून मांडवाच्या दारात आल्यावर, करवल्या आडव्या उभ्या राहिल्या तेव्हा, ‘दीदी तेरा देवर दीवाना’.

वाजवून झाल्यावर पाण्याच्या टाकीपाशी मास्तर घाम पुसत बसले होते. मी नेहमीचा प्रश्न विचारला, “मास्तर, ही तीन गाणी कुणाची?”

“पहिली दोन दादाची. शेवटचं सलमानचं.”

हे उत्तर मी वेगवेगळ्या तालुक्यांत, वेगवेगळ्या तोंडून ऐकलं आहे. आणि बघा, तिन्ही गाण्यांचा संगीतकार एकच आहे. पहिलं १९७६ च्या ‘तुमचं आमचं जमलं’मधलं, दुसरं १९७८ च्या ‘बोट लावीन तिथं गुदगुल्या’मधलं, तिसरं १९९४ च्या ‘हम आपके हैं कौन’मधलं. अठरा वर्षांचं अंतर, दोन भाषा, दोन टोकांचे निर्माते. चाली बांधणारा नागपूरचा विजय पाटील. पडद्यावरचं नाव रामलक्ष्मण.

आजचा लेख त्यांच्यावर आहे. प्रबंधात त्यांच्यावर एक प्रकरण असावं असं मी सुचवलं तेव्हा मला विचारलं गेलं, “त्यांच्यात अभ्यास करण्यासारखं काय आहे?” प्रश्न चेष्टेचा नव्हता, खराच होता. तिथं मला धड उत्तर देता आलं नाही. ते इथं देऊन बघते.

आधी नावाचं बघू, कारण त्यात मीही फसले होते. माझ्या पहिल्या आराखड्यात मी चक्क लिहिलं होतं, ‘राम-लक्ष्मण ही संगीतकार जोडी’. लक्ष्मीकांत-प्यारेलाल, कल्याणजी-आनंदजी, नदीम-श्रवण, तसंच हेही असणार, असं धरून चालले. चूक पूर्ण नव्हती. सुरुवातीला जोडीच होती. सुरेंद्र हेंद्रे आणि विजय पाटील हे दोघं मिळून काम करायचे. दादा कोंडक्यांनी त्यांना ‘पांडू हवालदार’साठी घेतलं, ते साल १९७५. ‘सोंगाड्या’ला राम कदमांचं संगीत होतं, म्हणजे दादांकडं तोवर तमाशाच्या बाजाचा मुरलेला माणूस होऊन गेला होता. त्यांच्यानंतर दादांनी ही नवी पोरं घेतली आणि नावही स्वतःच ठेवलं : राम-लक्ष्मण. सुरेंद्र राम, विजय लक्ष्मण.

मग राजश्रीचा ‘एजंट विनोद’ हाती आला. तो पडद्यावर आला १९७७ मध्ये. काम मिळालं त्याच सुमारास सुरेंद्र हेंद्रे वारले. पुढचं सगळं एकट्या विजय पाटलांनी केलं, आणि नाव बदललं नाही. ‘मैंने प्यार किया’ला फिल्मफेअर मिळालं तेव्हाही ते रामलक्ष्मणलाच मिळालं. म्हणजे ज्या माणसानं ‘मैंने प्यार किया’ची एक ओळही ऐकली नव्हती, त्याचं नाव त्या कॅसेटवर पहिलं होतं. तेरा-चौदा वर्षं आधी गेलेल्या मित्राचं.

याला कुणी निष्ठा म्हणेल, कुणी धंद्याचा हिशोब म्हणेल. राजश्रीकडं नाव चालू झालेलं, ते मोडायचं कशाला? दोन्ही खरं असेल. मला त्यात तिसरी एक गोष्ट दिसते आणि ती चालींशी जुळते. या माणसाला गाण्यावर स्वतःची सही उमटवण्याची हौस नव्हती. सही ओळखून संगीतकार मोजायची आपली जी सवय आहे, तिला हा माणूस म्हणूनच सापडत नाही.

ही सवय कुठून आली? मला वाटतं, मराठीत गाण्याबद्दल जे चांगलं लिहिलं गेलं ते बहुतेक भावगीत आणि नाट्यगीत डोळ्यासमोर ठेवून. १ एप्रिल १९५५ ला पुणे आकाशवाणीवरून ‘गीतरामायण’ सुरू झालं. गदिमांचे शब्द, सुधीर फडक्यांच्या चाली. ते ऐकण्याची रीत काय होती? एक गायक गातो, घरातली माणसं रेडिओपाशी गप्प बसतात. त्यातून आपल्याला कसोट्या मिळाल्या : शब्द स्वच्छ आला का, रागाचा आधार काय, हरकत कुठं घेतली, भाव पोचला का. या कसोट्या चांगल्याच आहेत, मी त्यांच्यावरच वाढले. पण त्या सगळ्या गाणारा आणि ऐकणारा अशी दोन माणसं गृहीत धरतात. तिसरा कुणी मध्ये तोंड घालत नाही.

आता नर्सीला या. नामदेवांच्या नर्सीला, हिंगोलीपासून जवळच आहे. एकादशीला तिथं भजन बघा. एक जण चरण म्हणतो, बाकीचे उचलतात. उचलणाऱ्यांत सुरेल असतात, बेसूर असतात, दमा झालेले असतात, आणि तरी ते गाणं सांडत नाही. पोवाड्यात, गोंधळात, तमाशातही तेच. मुख्य गाणारा ओळ टाकतो आणि मागचे ती झेलतात. त्याला झील धरणं म्हणतात, धरणारे ते झीलकरी. शाहिराच्या मागचा ‘जी जी’ म्हणजे झीलच. घरात हळदीच्या वेळी बाया गातात तेव्हाही एक म्हणते, बाकीच्या धरतात. या गाण्यात ऐकणारा असा वेगळा उरतच नाही. उभं राहिलात की तुम्ही झीलकरी.

माझं म्हणणं साधं आहे. रामलक्ष्मण हा झिलीकडून चाल बांधणारा संगीतकार आहे. आधी तो बघतो, मागच्यांना काय धरता येईल. मग पुढच्याला काय गायला द्यायचं ते ठरवतो.

‘ढगाला’ घ्या. (गाण्याच्या ओळी इथं देत नाही. तुम्हाला येतातच.) चाल किती थोड्या सुरांत फिरते ते पेटीवर वाजवून बघा. उडी नाही, आलाप नाही, श्वास पुरेल एवढीच ओळ. ओळ संपली की तीच पुन्हा म्हणावीशी वाटते, कारण शेवट जिथं होतो तिथूनच सुरुवातीला परत जायची वाट आहे. फुगडी घालणाऱ्या पोरींच्या गाण्यात असतं तसं. मास्तरांना मी विचारलं होतं, हे वाजवायला सोपं म्हणून वाजवता का? ते म्हणाले, “वाजवायाला सोपं तर लई हायेत, मॅडम. हे लोकायला धराया सोपं हाय.” हे वाक्य मी प्रबंधाच्या पहिल्या पानावर टाकणार आहे.

दादांच्या गाण्यांवर बोलायचं तर द्व्यर्थाचं बोलावंच लागतं. सगळं श्रेय किंवा सगळा दोष शब्दांना दिला जातो. चालीचा वाटा कुणी पाहत नाही. द्व्यर्थी ओळीला जर चालीनंच डोळा मारला, म्हणजे नको तिथं सूर लांबवला, आवाजात लाडिकपणा आणला, तर दुसरा अर्थ उघडा पडतो आणि गंमत जाते. ती मग घरात लावता येत नाही. रामलक्ष्मणची चाल डोळा मारत नाही. ती पोरासोरांच्या गाण्यासारखी सरळ चालते. महेंद्र कपूर आणि उषा मंगेशकर ती सरळ गातात. मग शब्दांचं काय ते ज्याचं त्यानं बघावं. म्हणून तर ते गाणं परण्यात वाजतं, आणि नवरदेवाची आजीही टाळ्या वाजवते.

आणि नेमका हाच निरागसपणा राजश्रीला हवा होता. इथं मी रूढ मांडणीच्या विरोधात जाते आहे. विजय पाटलांबद्दल जे काही थोडं लिहिलं जातं त्यात त्यांच्या आयुष्याचे दोन तुकडे केले जातात : आधी दादांचा चावट खेडवळ काळ, मग बडजात्यांचा सोज्वळ काळ. जणू मधल्या काळात माणूस न्हाऊन आला! मला चालींत असा बदल सापडत नाही. शब्द बदलले, घर बदललं, पडद्यावरचे कपडे बदलले. चाल होती तिथंच आहे.

मधला दुवा हवा असेल तर १९८१ चा ‘हमसे बढकर कौन’ बघा. त्या सिनेमाचं नाव आज कुणाला आठवणार नाही, पण त्यातलं ‘देवा हो देवा’ दर भाद्रपदात महाराष्ट्रभर वाजतं. रफी, आशाबाई, भूपिंदर अशा मोठ्या आवाजांत ते वाटून दिलेलं आहे. कुणीही एकटा ते पूर्ण ओढत नाही. एकानं घ्यायचं, दुसऱ्याकडं द्यायचं, आणि सगळ्यांनी मिळून नावाचा गजर करायचा. हिंगोलीत अनंत चतुर्दशीला विघ्नहर्ता चिंतामणी गणपतीच्या नवसाच्या मोदकासाठी बाहेरगावाहून लोक येतात, रात्रभर रांग असते. त्या रांगेत मी हे गाणं भोंग्यावर ऐकलं आहे, आणि रांगेतली माणसं अर्धवट झोपेत बरोबर जागेवर तोंड उघडतात तेही पाहिलं आहे. सिनेमा हिंदी, संगीतकार नागपूरचा, रचना आपल्या आरतीची.

‘मैंने प्यार किया’ आला १९८९ च्या डिसेंबरच्या शेवटी. तरुण पोरापोरीची प्रेमकथा, लताबाईंचं वय साठ, आणि जोडीला हिंदीत फारसे न गायलेले एस. पी. बालसुब्रह्मण्यम. कागदावर हे जमायला नको होतं. जमलं, आणि इतकं जमलं की तेलुगूतही तो ‘प्रेमपावुरालु’ या नावानं जोरात चालला. बालसुब्रह्मण्यमना त्या वर्षीचं गायकाचं फिल्मफेअर मिळालं. पण माझ्या विषयाच्या दृष्टीनं त्यातला सर्वांत महत्त्वाचा भाग म्हणजे अंताक्षरी. अख्खी टोळी बसली आहे आणि जुन्या गाण्यांचे तुकडे एकमेकांकडं फेकते आहे. त्यात संगीतकारानं नवं काय केलं, असं विचारलं तर जवळजवळ काहीच नाही. त्यानं फक्त धरायची जागा करून दिली. हे काम कौशल्याचं आहे. एका तुकड्यातून दुसऱ्यात जाताना सूर आणि ताल अडखळू द्यायचा नाही, हे ज्यांनी ऑर्केस्ट्रात मेडले बसवली आहेत त्यांना विचारा.

‘हम आपके हैं कौन’मध्ये तर चौदा गाणी. लग्नाची व्हिडिओ कॅसेट म्हणून त्या सिनेमाची टिंगल झाली होती. मला ती टिंगल वर्णन म्हणून बरोबर वाटते. ‘धिकताना’ घ्या : शब्दच तालाचे बोल आहेत, अर्थ लावायची गरज नाही, आणि घरातला प्रत्येक जण, नोकरासकट, एकेक ओळ उचलतो. हीच कथा राजश्रीनं १९८२ मध्ये ‘नदिया के पार’ म्हणून केली होती, संगीत रवींद्र जैन यांचं. दोन्ही ओळीनं ऐका. जैन यांच्या गाण्यांना पूर्वेकडच्या खेड्याच्या मातीचा वास आहे. त्या बोलीचे उच्चार आणि वळणं त्यांत आहेत आणि म्हणून ती सुंदर आहेत. पण ती त्या मुलखाची आहेत. रामलक्ष्मणनं गावच काढून टाकलं. कुठल्याच मुलखाचं नाही असं घर, कुठल्याच बोलीचं नाही असं लग्न. त्यामुळं ते कुठंही बसलं. हिंगोलीतही.

आता चोरीचं. हे टाळून लेख पुरा करता येणार नाही. ‘मैंने प्यार किया’तलं ‘आते जाते’ ऐकलं की स्टीव्ही वंडरचं १९८४ चं गाजलेलं फोनवरचं गाणं आठवतंच. ‘मेरे रंग में’ची सुरुवात युरोप नावाच्या स्वीडिश गटाच्या १९८६ च्या गाण्याच्या सुरुवातीवर उभी आहे. आणि ‘दीदी तेरा देवर’ची चाल नुसरत फतेह अली खाँसाहेबांच्या ‘सारे नबियाँ’ची. हे प्रभाव वगैरे नाही. तो काळच तसा होता, हे कारण मला पटत नाही. त्याच काळात न उचलणारेही होते. ज्यांचं घेतलं त्यांचं नाव कॅसेटवर नव्हतं. सहीची हौस नसलेल्या माणसाला दुसऱ्याच्या सहीचीही फिकीर वाटली नाही, असं म्हणावं लागतं, आणि ते त्यांच्या बाजूनं नाही.

तरी ऐकणारी म्हणून एक फरक सांगते. स्टीव्ही वंडरचं गाणं एका माणसाचं आहे. ते उचलल्यावर मराठवाड्यातल्या बँडनं ते कधी धरलं नाही, निदान माझ्या वहीत नाही. नुसरतसाहेबांची चाल मात्र धरली गेली. कारण कव्वालीत झील आधीच आहे. मुख्य कव्वाल ओळ टाकतो, मागचे हमनवा टाळ्यांवर ती उचलतात. रामलक्ष्मणनं हमनवांच्या जागी डोहाळजेवणाला जमलेल्या बाया बसवल्या. चाल कुठं चालेल हे त्यांच्या कानाला बरोबर कळलं होतं. चोरी माफ होत नाही, पण कान दिसतो.

वसमतला एक वयस्क क्लॅरिनेटवाले आहेत. त्यांना मूळ गाणं माहीत होतं. ते मला म्हणाले, “ती नात आहे बेटा, पैगंबरसाहेबांची तारीफ. ती मी वरातीत वाजवत नाही. हे वाजवतो.” मी म्हटलं, चाल तर तीच आहे ना. ते म्हणाले, “बोटं तीच आहेत, नीयत दुसरी.” आणि मग बराच वेळ जिभलीला पाणी लावत बसले. त्यांना ते आवडत नव्हतं की त्यांनी ते मिटवून टाकलं होतं, हे मला ठरवता आलं नाही. वहीत त्या दिवशी एवढंच लिहिलेलं आहे.

माझा या संगीतकारावरचा सगळ्यांत मोठा आक्षेप मात्र चोरीचा नाही. तो घरातला आहे. माझी आजी सेनगावकडची. तिच्या माहेरी हळदीला बाया जी गाणी म्हणायच्या त्यांत नवरदेवाच्या आईला, मामाला, विहिणीला नावानिशी चिमटे असायचे. गाणं दर लग्नात नवं व्हायचं, कारण माणसं नवी असायची. आमच्या जिल्ह्यात हळदीचा बाजार केवढा, वसमतची हळद सगळीकडं जाते. पण हळदीची गाणी आता म्हाताऱ्या बायांकडंच उरली आहेत. लग्नात नवरीचा भाऊ नवरदेवाचा कान पिळतो ती कानपिळी अजून होते, पण पटकन उरकतात. बूट लपवणं मात्र तासभर चालतं, आणि त्याचं गाणं सगळ्यांना पाठ. आजी म्हणते, “आमच्या वक्ताला जोडे कोण चोरतं व? जोडेच नव्हते.”

हे सगळं एका सिनेमानं केलं असं मी म्हणणार नाही. टीव्ही आला, मंगल कार्यालयं आली, फोटोवाले आले. पण झील रिकामी होती म्हणून ते गाणं शिरलं असं झालेलं नाही. झील आधीच होती, बायांकडं. रामलक्ष्मणच्या चालीला ती तयार मिळाली, आणि धरायला इतकी सोपी चाल आली की आजीच्या गाण्यांतले अवघड चिमटे कुणी शिकेना. ज्या गुणासाठी मी त्यांचं कौतुक करते आहे, त्याच गुणानं आमच्या घरातलं काहीतरी पुसलं. या दोन्ही गोष्टी एकाच प्रकरणात कशा लिहायच्या, हे मला अजून जमलेलं नाही.

आणि बँडवाल्यांच्या बाजूनं पाहिलं तर हिशोब पुन्हा उलटतो. सनई-हलगी आमच्याकडं परंपरेनं मातंग समाजाकडं. कुणाच्या दारात किती वाजवायचं, कुठं उभं राहायचं, हे ठरलेलं होतं. बँडचा ड्रेस घालून पगडी लावून सिनेमाचं गाणं वाजवलं की त्याचे पैसे ठरवून मिळतात, सुपारी घेतली जाते, ‘मास्तर’ म्हटलं जातं. कळमनुरीच्या त्या मास्तरांचे वडील हलगी वाजवायचे. १९९४ नंतरच्या लग्नसराया चांगल्या गेल्या, असं ते सांगतात. त्यातून त्यांनी कॅसिओ घेतला. त्यांच्यासमोर मी हळदीच्या जुन्या गाण्यांचं दुःख सांगत बसणं बरं दिसत नाही.

शेवटचा काळ पटकन सांगते, कारण मला तो फारसा आवडत नाही. ‘पत्थर के फूल’, ‘हंड्रेड डेज’ ही १९९१ मधली कामं तेव्हा पानपट्टीवर वाजायची. आज बँडच्या यादीत ती नाहीत. त्यांत दोघंच गातात, मागचं कुणी नाही. ‘हम साथ साथ हैं’ १९९९ मध्ये आला. लताबाई नाहीत, बालसुब्रह्मण्यम नाहीत. आणि इथं मला पहिल्यांदा या संगीतकाराची झील पोकळ वाटली. सगळेच झीलकरी झाले आहेत, ओळ टाकणारा कुणी नाही. प्रत्येक वाक्याला सगळं कुटुंब एकसुरात होकार देतं. धरण्यासारखं काही नसलं की माणसं नुसती मान डोलावतात. ‘हम आपके हैं कौन’मध्ये कुणीतरी चिडवायचं, कुणीतरी उत्तर द्यायचं, ती ओढाताण गेली. त्यानंतर राजश्रीनं त्यांना बोलावलेलं दिसत नाही : २००३ मध्ये अनू मलिक, २००६ च्या ‘विवाह’ला पुन्हा रवींद्र जैन.

सगळे मिळून पाऊणशेच्या आसपास सिनेमे, मराठी, हिंदी, भोजपुरी. २०१८ मध्ये राज्य सरकारचा लता मंगेशकर पुरस्कार त्यांना जाहीर झाला. २२ मे २०२१ ला नागपुरात हृदयविकारानं गेले, वय अठ्ठ्याहत्तर. तो कोरोनाच्या दुसऱ्या लाटेचा काळ होता. महाराष्ट्रात तेव्हा लग्नाला पंचवीस माणसं आणि दोन तास एवढीच परवानगी होती. ऐन मे महिना, आणि कुठंही बँड वाजत नव्हता. आमचे बँडवाले त्या दिवसांत भाजी विकत होते, काही जण हळद काढायच्या कामावर होते. त्यांच्यापैकी कुणालाही कोण गेलं हे कळलं नाही. कळलं असतं तरी ओळख पटली नसती.

त्या कळमनुरीच्या लग्नात मी मास्तरांना सांगितलं. तिन्ही गाणी एकाच माणसाची, नागपूरचा माणूस, विजय पाटील नाव, रामलक्ष्मण म्हणून ओळखतात.

“दोघं भाऊ होते का?”

“नाही. दोन मित्र. एक लवकर गेला. दुसऱ्यानं नाव तसंच ठेवलं.”

मास्तर जरा थांबले. त्यांच्या गाडीवर मोठ्या पिवळ्या अक्षरात बँडचं जे नाव लिहिलेलं आहे, त्यात दोन नावं आहेत. मी कधी विचारलं नव्हतं. ते म्हणाले, “आमचं बी तसंच हाय. पहिलं नाव माझ्या साडूचं. त्यो जाऊन नऊ वर्सं झाली. पुसायचं राहून गेलं म्हणा.” मग आतून कुणीतरी अक्षता संपल्याचं ओरडलं आणि ते क्लॅरिनेट घेऊन उठले.

पुढच्या लेखात वसमतच्या बँजो पार्टीबद्दल लिहीन. तोवर एक काम करा. तुमच्या गावात परण्याला, किंवा तुमच्याकडं जे काही म्हणत असतील त्याला, पहिलं गाणं कोणतं वाजतं ते कळवा. आणि शक्य असेल तर वाजवणाऱ्याला विचारा, कुणाचं आहे.